उर्दू दैनिकाच्या संपादकाने निवडणूक लढवावी का? आणि तोच शिष्यवृत्तीचा निधीही चालवत असेल तर?

तुम्ही विचारलंय की तुमच्या शहरातल्या उर्दू दैनिकाचे संपादक विधानसभेला उभे राहणार आहेत, त्यांच्याच पेपरातून गरीब मुलांच्या फीसाठी पैसा गोळा होतो, तर हे नैतिक आहे का. पत्रकाराने पत्रकारच राहायला नको का?

हा शेवटचा प्रश्न मला बोचतो, कारण तो फक्त उर्दूवाल्यांनाच विचारला जातो. टिळकांनी 'केसरी' सांभाळावा, राजकारण कशाला, असं कुणी म्हणत नाही. अत्रे 'मराठा'चे संपादक असताना विधानसभेत बसले, त्याचं आपल्याला कौतुक. उर्दू संपादक उभा राहिला की मात्र तो लगेच 'कौमचा पुढारी' होतो.

टिळकांचं नाव घेतलंच आहे तर उर्दू शायर हसरत मोहानींचंही घ्यायला हवं. अलीगढहून 1903 पासून ते 'उर्दू-ए-मुअल्ला' हे मासिक काढत. काँग्रेसमध्ये ते टिळकांच्या जहाल बाजूचे. 1908 मध्ये त्यांच्या मासिकात इजिप्तमधल्या इंग्रजांच्या धोरणावर टीका करणारा एक लेख आला. लेख त्यांचा नव्हता, लेखकाचं नावही छापलेलं नव्हतं. राजद्रोहाचा खटला झाला तेव्हा लेखकाचं नाव सांगून सुटता आलं असतं. त्यांनी ते सांगितलं नाही. ज्या वर्षी टिळकांना मंडालेची शिक्षा झाली, त्याच वर्षी हसरत सक्तमजुरीवर गेले आणि तुरुंगात जातं ओढत राहिले. दंडाच्या वसुलीत त्यांचा ग्रंथसंग्रह लिलावात गेला. सुटल्यावर मासिक पुन्हा सुरू केलं, अलीगढला स्वदेशी मालाचं दुकान काढलं. पुढे 1921 च्या अहमदाबाद काँग्रेसमध्ये संपूर्ण स्वातंत्र्याचा ठराव मांडला, जो गांधीजींनाही तेव्हा मान्य नव्हता. नंतर संविधान सभेत सदस्य. हा माणूस संपादक होता की राजकारणी, हे ठरवायला बसलात तर बसूनच राहाल.

मराठवाड्यातल्या वाचकांना शोएबुल्ला खान आठवत असतील. हैदराबादेत 'इमरोज' हे उर्दू दैनिक काढून त्यांनी भारतात विलीनीकरणाची बाजू घेतली आणि ऑगस्ट 1948 मध्ये त्यांचा खून झाला. त्यानंतर महिन्याभरात हैदराबाद संस्थान भारतात आणणारी लष्करी कारवाई, म्हणजे पोलीस अ‍ॅक्शन झाली. एवढं राजकारण त्यांनी अग्रलेखातूनच केलं होतं.

तेव्हा उभं राहावं की नाही, हा माझ्या लेखी प्रश्नच नाही. राहावं. हैदराबादच्या 'सियासत' या उर्दू दैनिकाचे संपादक झाहिद अली खान 2009 मध्ये लोकसभेला तेलुगू देसमच्या तिकिटावर ओवैसींविरुद्ध उभे राहिले, हरले. त्यात लाजण्यासारखं काही नव्हतं.

घोळ होतो तो पैशात. गल्लीतला माणूस रमजानात जकातीची (इस्लाममधल्या सक्तीच्या दानाची) पाकिटं पेपरच्या कचेरीत आणून देतो, तिथला कॅशियर ती जाहिरातीच्या रकमेसोबत एकाच खात्यात भरतो, आणि महिनाअखेरीला कागदाचं बिल त्याच खात्यातून जातं. चोरी करायचा हेतू नसतो, पण इथेच निधी मरतो. म्हणून निधीचा ट्रस्ट वेगळा हवा, धर्मादाय आयुक्तांकडे नोंदलेला, आणि विश्वस्तांत बहुमत पेपरबाहेरच्यांचं. विश्वस्त बदलला की 90 दिवसांत त्या बदलाची माहिती देणारा 'चेंज रिपोर्ट' आयुक्तांकडे दाखल व्हायला हवा; बहुतेक जण इथेच अडकतात. जकात आणि सर्वसाधारण देणगी यांची खातीही दोन. जकात गरजूच्या मालकीची व्हावी लागते, त्यामुळे ती कचेरीच्या भाड्याला किंवा पगाराला लावता येत नाही. फी थेट कॉलेजला भरायची असेल तर हनफी (इस्लामी कायद्याच्या एका पंथाच्या) मताप्रमाणे आधी विद्यार्थ्याची संमती घ्यावी. देणगीदाराला आयकरातली देणगीची सवलत हवी असेल तर 2000 रुपयांवर रोख चालत नाही.

आखाती देशांतून येणाऱ्या पैशाबाबत फार गैरसमज आहेत. विदेशी योगदान कायद्याच्या कलम 3 नुसार नोंदणीकृत वृत्तपत्राचा संपादक, मालक, मुद्रक, प्रकाशक आणि निवडणुकीचा उमेदवार यांना परदेशी योगदान घेताच येत नाही. तुमचे संपादक दोन्ही बाजूंनी अडकतात. दुबईत राहणाऱ्या, भारतीय पासपोर्टच्या माणसाने स्वतःच्या बचतीतून बँकेमार्फत पाठवलेला पैसा यात मोडत नाही. त्याचाच भाऊ अमेरिकन नागरिक झाला असेल तर त्याचा पैसा मोडतो. पावती पुस्तकात पासपोर्टचा देश लिहायची जागा ठेवा.

निवडणूक जाहीर झाल्यावर शिष्यवृत्तीच्या चेकवाटपाचा समारंभ बंद. उमेदवाराच्या हातून चेक गेला की लाच दिल्याचा आरोप होऊ शकतो. आणि धर्माच्या नावाने मत मागणारा अग्रलेख हा लोकप्रतिनिधित्व कायद्याच्या कलम 123 खाली भ्रष्ट आचार ठरू शकतो. एरवी उमेदवाराची संमती होती हे फिर्यादीला सिद्ध करावं लागतं. इथे उमेदवारच संपादक, मग सिद्ध करायला उरतं काय? विजय मिळूनही आमदारकी जाऊ शकते. पेपरात रोज स्वतःचे फोटो छापले तर जिल्ह्याची माध्यम समिती ते पेड न्यूज ठरवून जाहिरातीच्या दराने खर्चात धरू शकते. विधानसभेच्या उमेदवाराला महाराष्ट्रात 40 लाखांची मर्यादा आहे, आणि निकालानंतर 30 दिवसांत हिशेब द्यायचा असतो.

म्हणून अर्ज भरायच्या आधी संपादकपद सोडावं, पेपरात संपादकाचं नाव छापतात त्या ओळीत दुसऱ्याचं नाव यावं, असं माझं ठाम मत आहे. 'पण वाचक माझ्या नावावर पेपर घेतात' हे उत्तर मी बऱ्याचदा ऐकलंय आणि ते मला पटत नाही. वाचक नावावर घेत असतील तर नाव लेखाखाली राहू द्या, पण काय छापायचं हे दुसरा कुणीतरी ठरवू दे.

मात्र तालुक्याच्या साप्ताहिकात मालक, संपादक आणि जाहिराती गोळा करणारा एकच असतो. त्याला खुर्ची कुणाकडे सोपवायची हाच प्रश्न असतो. त्याने निदान प्रचाराच्या काळात स्वतःच्या उमेदवारीवर एक ओळही छापू नये, आणि निधीच्या चेकवरची सही दोन विश्वस्तांकडे द्यावी, त्यात स्वतःची सही नको.