हललेला शॉट कापू नकोस

अनेक आशीर्वाद.

मे २०२० मध्ये अमेरिकेतल्या मिनियापोलिसला पोलिसांच्या हातून जॉर्ज फ्लॉइड मारला गेला, त्यानंतरच्या निदर्शनांच्या फुटेजचा तुझा कच्चा कट दोनदा पाहिला. लेक स्ट्रीटवर पोलीस ठाण्यासमोरची गर्दी तू जीव ओतून टिपली आहेस. पण पोलिसांची फळी पुढे सरकते, एक पोरगं खाली पडतं आणि तिथेच शॉट संपतो. फोनवर म्हणालीस, पुढे कॅमेरा हलला होता म्हणून कापला.

हलू दे ना! २५ मेच्या संध्याकाळी फ्लॉइडचा मृत्यू फोनवर टिपणाऱ्या सतरा वर्षांच्या डार्नेला फ्रेझियरकडे कुठला ट्रायपॉड होता? पोलिसांच्या पहिल्या निवेदनात जॉर्ज फ्लॉइडला वैद्यकीय त्रास झाल्याचं म्हटलं होतं, मानेवरच्या गुडघ्याचं नावही नव्हतं. तिनं फोन खाली घेतला नाही, म्हणून तो गुडघा जगानं पाहिला. एप्रिल २०२१ मध्ये तो गुडघा ज्याचा, तो पोलीस डेरेक शॉविन खुनासाठी दोषी ठरला.

चित्रण हाती असलं की न्याय मिळतोच, असं मात्र धरून चालू नकोस. मार्च १९९१ मध्ये लॉस एंजेलिसला जॉर्ज हॉलिडेनं आपल्या बाल्कनीतून रॉडनी किंग या कृष्णवर्णीय माणसाला पोलिसांनी केलेली मारहाण टिपली. टीव्हीवर दाखवताना त्यातला सुरुवातीचा धूसर, हललेला तुकडा गाळला गेला. पोलिसांच्या बचाव पक्षानं कोर्टात त्याच तुकड्यावर बोट ठेवलं. उरलेली फीत फ्रेम-फ्रेम थांबवत दाखवली, दंडुक्याचा एकेक फटका सुटा करून त्याचं समर्थन केलं. २९ एप्रिल १९९२ ला ज्युरीनं चौघा पोलिसांपैकी एकालाही दोषी ठरवलं नाही. शहर पेटलं. सुट्या फ्रेमकडून काहीही वदवून घेता येतं गं, म्हणून इतकं सांगतोय.

मूळ फाइलला हात लावू नकोस. दोन प्रती काढ, एक दुसऱ्या कुणाच्या घरी ठेव. पुढच्या वेळी शूट करताना आधी रस्त्याची पाटी घे आणि वेळ तोंडानं सांग.

पिवळ्या रेनकोटातली ती मुलगी मित्राच्या डोळ्यांवर पाणी ओतते, हात थरथरताहेत, तरी बाटली त्याच्या पापणीला लागू देत नाही. तुझ्या कटमधला सगळ्यात सुंदर शॉट. पण तिचा चेहरा स्पष्ट दिसतोय, आणि याच चित्रणावरून उद्या तिला हुडकून काढतील. ती भेटली तर विचार. नाही भेटली तर दाखवायच्या प्रतीत चेहरा धूसर कर.

आणि ते व्हायोलिन काढ. माणसांचा आवाज पुरेसा आहे.

पडलेलं ते पोरगं उठलं का? कापलेला भाग आजच पाठव.

तुझे,
सर