प्लॉट विकू नका, आधी दहा मिनिटांची फिल्म होऊ द्या

प्रश्न : मुलगा २३ वर्षांचा, बी.कॉम. झाला आहे. कॉलेजपासून पुण्यात एकांकिका करतो. हार्मोनियम-ढोलकी वाजवतो, पार्श्वसंगीत देतो, छोट्या भूमिकाही केल्या. आता स्वतःचा मराठी सिनेमा करायचा म्हणतो. आमचा विरोध नाही. प्लॉट विकून १८ लाख देऊ. अट एकच, वर्षभरात जमलं नाही तर बँकेच्या परीक्षा द्यायच्या. संगीताचा पाया असल्याने त्याला सोपं जाईल ना?
– एक पालक, सांगली जिल्हा

उत्तर : १८ लाखांपेक्षा तुमची अट जास्त खटकली. तुम्हाला ती मोकळीक वाटते; मुलाला ऐकू येतं ते एवढंच, की बाबांनी जमीन विकली, आता पहिलाच सिनेमा चालायला हवा. एवढं ओझं डोक्यावर असलेला मुलगा धाडसी गोष्ट निवडणार नाही, चालेलशी वाटणारी निवडेल आणि तिथेच फसेल. शिवाय वर्ष पुरतच नाही. पटकथेचे दोन-तीन खर्डे, लोकेशन, शूटिंग, मग एडिट आणि साउंड. मुदत संपेल तेव्हा फिल्म एडिट टेबलवर अर्धवट असेल आणि तुम्ही म्हणाल, जमलं नाही.

दुसरं, पत्रभर 'आम्ही' आहे. गोष्ट काय आहे, पटकथा लिहून झाली का, याचा उल्लेखच नाही. प्लॉट त्याने मागितला, की तुम्हीच देऊ केलात? ते आधी स्पष्ट करा. तोवर विकू नका. सरकारी अनुदान हिशेबात धरत असाल तर तेही काढून टाका. ते सिनेमा पूर्ण होऊन, सेन्सॉर प्रमाणपत्र मिळून, परीक्षण झाल्यावरच मिळतं. सुरुवातीचा खर्च त्यातून निघत नाही.

आता 'संगीताचा पाया'. विशाल भारद्वाज २००२ मध्ये, अवधूत गुप्ते २०१० मध्ये संगीताकडून दिग्दर्शनाकडे आले, ही उदाहरणं तुमच्या मनात असतील. पण दोघांनी आधी सिनेमासाठी संगीत केलेलं होतं. तुमचा मुलगा रंगमंचावरून येतोय आणि तिथली चांगली सवयच इथे आड येते. नाटकात तो नटाकडे बघून वाजवतो. नट थांबला की सूर धरून ठेवतो. सिनेमात ही लय एडिटमध्ये ठरते. सेकंदाला २४ फ्रेम, म्हणजे २४ स्थिर चित्रं. एका शॉटमधून १२ फ्रेम काढल्या की अर्धा सेकंद गेला आणि पुढचं सगळं संगीत सरकलं. म्हणून एडिट लॉक होईपर्यंत, म्हणजे त्यात आणखी बदल करायचा नाही असं ठरेपर्यंत, पार्श्वसंगीताचं अंतिम रेकॉर्डिंग करायचं नाही. नाटकातला ब्लॅकआउट संगीताने भरून काढावा लागतो. सिनेमातला कट भरायची गरज नसते. तिथेही पेटी वाजली की प्रसंग बोथट होतो. आणि 'आवाज नंतर डब करू' हे तर डोक्यातून काढूनच टाकायचं. नव्या मुलांच्या फिल्म बहुतेक इथेच पडतात. बूम माइक (लांब दांड्यावरचा माइक) कॅमेऱ्याच्या चौकटीच्या काठापर्यंत खाली आणायचा, पंखा-फ्रिज बंद, रेकॉर्डर ४८ किलोहर्ट्झ, २४ बिटवर, आणि प्रत्येक जागी संवाद संपल्यावर ३० ते ६० सेकंद सगळ्यांनी गप्प राहून त्या खोलीचा नुसता आवाज घ्यायचा. हा रूम टोन नसेल तर दोन वाक्यांच्या मध्ये आवाजात भोकं पडतात आणि मग कितीही सतार घाला, ती झाकत नाहीत.

म्हणून त्याने पुढचे सहा-आठ महिने दिग्दर्शक होऊ नये. तयार कान ही त्याची पुंजी आहे. दुसऱ्यांच्या दोन-तीन लघुपटांवर बूम धरावा, त्यांचं पार्श्वसंगीत करावं, एडिटला शेजारी बसावं. मग स्वतःची दहा मिनिटांची फिल्म : दोन पात्रं, एक घर, दोन दिवस शूटिंग, खर्चाची मर्यादा ५० हजार. भारी कॅमेऱ्याचं भाडं कमी करून साउंडवाल्याला आधी मानधन द्यावं. नाट्यपद घ्यायचं झालं तर 'सौभद्र'सारख्या १८८२ च्या नाटकाची पदं कॉपीराइटमधून मोकळी आहेत, पण एखाद्या गायकाच्या रेकॉर्डवर हक्क वेगळा असतो, तो प्रकाशनानंतर ६० वर्षं टिकतो. स्वतः वाजवून, नव्याने गाऊन घेतलं की प्रश्न मिटला.

एफटीआयआयचा (पुण्याची फिल्म इन्स्टिट्यूट) दिग्दर्शनाचा अभ्यासक्रम कुठल्याही पदवीधराला खुला आहे. साउंडच्या अभ्यासक्रमाला मात्र बारावीत भौतिकशास्त्र लागतं, ते कॉमर्सवाल्याकडे नसतं. प्रवेश परीक्षा द्यावी, पण तिच्यासाठी काम थांबवू नये.

बँकेचं म्हणाल तर पीओच्या (प्रोबेशनरी ऑफिसर) परीक्षेला खुल्या गटात ३० वर्षांपर्यंत बसता येतं, क्लार्कला २८. वर्षाची मुदत घालण्याचं कारणच उरत नाही.

पुढचं पत्र त्याला स्वतः लिहायला सांगा, सोबत पटकथेची पहिली दहा पानं. ती नसतील तर तेही कळवा, म्हणजे १८ लाखांचा विषय तूर्त बाजूला ठेवता येईल.