सांडपाणी शुद्ध करून पिण्यासाठी वापरणं खरंच सुरक्षित आहे का? घरचे म्हणतात, गटाराचं पाणी ते गटाराचंच.

सुरक्षित आहे. पण तुमच्या घरचे जे म्हणतात तेच वाक्य माझ्या सख्ख्या भावाने मला भर मीटिंगमध्ये ऐकवलं होतं. त्याला सात वर्षं झाली, तरी ते माझ्या डोक्यातून गेलेलं नाही, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

मी पाणी तपासणाऱ्या प्रयोगशाळेत काम करते. दादा आमच्याच इमारतीत राहतो, तेव्हा तो सोसायटीचा सेक्रेटरी होता. इमारतीला स्वतःचा एसटीपी, म्हणजे सांडपाणी शुद्ध करणारा छोटा प्रकल्प होता, त्याचं पाणी फ्लशला आणि बागेला जायचं. गच्चीवर दोन टाक्या शेजारी शेजारी, एक पिण्याची आणि एक फ्लशची. एसटीपी बंद पडला की फ्लशची टाकी कोरडी पडायची आणि दादाचा फोन खणखणायला लागायचा. म्हणून त्याने प्लंबरकडून दोन्ही टाक्यांच्या खालच्या पाइपांमध्ये एक जोड टाकून घेतला, मध्ये एक व्हॉल्व्ह.

मी त्याच दिवशी सांगितलं, दादा, असं जोडू नकोस. फ्लशच्या टाकीत गोडं पाणी सोडायचंच असेल तर वरून सोड. नळाचं तोंड आणि टाकीची कड यांच्यात वीतभर मोकळी हवा राहू दे. हवेतून पाणी उलटं चढत नाही, व्हॉल्व्ह मात्र आज ना उद्या गळतोच. त्यावर तो म्हणाला, "अगं, एसटीपीच्या पाण्याला ना रंग ना वास. आलं थोडं इकडेतिकडे तर काय बिघडतं?"

चार महिन्यांनी आईचं पोट बिघडलं. पाठोपाठ आमच्याच विंगमधली दोन मुलं आजारी पडली. डॉक्टर म्हणाले साथ असेल. चौथ्या दिवशी मी प्रयोगशाळेतलं टीडीएस मीटर, म्हणजे पाण्यात विरघळलेले क्षार मोजणारं यंत्र, घरी आणलं आणि स्वयंपाकघरातल्या नळाचं पाणी पेल्यात घेतलं. एरवी १८० च्या आसपास असणारा आकडा ४१० दाखवत होता. मीटर पुसून पुन्हा बुडवलं, ४०८. पाणी स्वच्छ दिसत होतं, वास कसलाच नव्हता. क्लोरीनचाही नव्हता, आणि तिथेच माझ्या पोटात गोळा आला. टॉर्च घेऊन गच्चीवर गेले. पिण्याच्या टाकीने तळ गाठला होता, फ्लशची काठोकाठ भरलेली. व्हॉल्व्ह पूर्ण आवळलेला होता, पण कान लावला तर आत पाणी सरसरत होतं.

(वापरलेल्या पाण्यात साबणाचे, मिठाचे, लघवीतले क्षार उतरतात आणि साधा एसटीपी ते काढत नाही, म्हणून आकडा वाढतो. जंतू मात्र या मीटरला दिसत नाहीत. तेव्हा आकडा कमी आला म्हणून पाणी पिण्यालायक समजू नका.)

पुढच्या मीटिंगमध्ये दादा उभा राहिला आणि म्हणाला, "गटाराचं पाणी ते गटाराचंच. मशीन कितीही लावा." एसटीपीला कुलूप लागलं, बाग वाळली, आणि जोड कोणी टाकला हे इतिवृत्तात आलंच नाही. चार महिन्यांपूर्वी ज्याला त्या पाण्यात काहीच वावगं दिसत नव्हतं, त्यालाच आता त्यात काहीच चांगलं दिसेना. दोन्ही वेळा त्याने पाणी डोळ्यांनी तपासलं होतं.

आता तुमच्या प्रश्नाकडे येते. नामिबियाच्या राजधानीत, विंडहुकमध्ये, १९६८ पासून शुद्ध केलेलं सांडपाणी थेट पिण्याच्या पाण्यात मिसळलं जातं. तिथे कारखान्यांचं सांडपाणी आधीच वेगळं काढतात, आणि माझ्या मते निम्मं काम तिथेच होतं. कॅलिफोर्नियातल्या ऑरेंज काउंटीत २००८ पासून असं पाणी जमिनीत मुरवून पुढे पिण्यासाठी उपसतात. तिथे आधी बारीक गाळण, मग आरओ (दाब देऊन अतिसूक्ष्म पडद्यातून पाणी गाळणं), मग हायड्रोजन पेरॉक्साइड घालून अतिनील किरण. आरओनंतरचं पाणी इतकं निःसत्त्व असतं की चुना घातला नाही तर ते पाइपातलं सिमेंट खातं. आणि आरओ म्हणजे सर्व काही नव्हे. एनडीएमए या घातक रसायनासारखे छोटे रेणू त्यातून निसटतात, त्यांना अतिनील किरणच फोडतात. एकाच टप्प्यावर भिस्त ठेवता येत नाही, म्हणूनच कॅलिफोर्नियाच्या नियमात पाणी असं जमिनीत मुरवायचं असेल तर विषाणू एक लाख कोटींत एक इतके कमी व्हावे लागतात, आणि ते सगळं श्रेय एकाच टप्प्याला देता येत नाही, किमान तीन टप्पे लागतात. आरओनंतरच्या पाण्याची विद्युतवाहकता सतत मोजली जाते. माझ्या हातातल्या मीटरचंच ते तत्त्व, फक्त तिथे ते चोवीस तास पाण्यात असतं आणि आकडा चढला की कोणीतरी धावतं.

घरच्यांच्या किळसेला हसू नका. ऑस्ट्रेलियातल्या टुवूम्बा शहरात २००६ साली ऐन दुष्काळात सार्वमत घेतलं, तेव्हा सुमारे ६२ टक्के लोकांनी अशा पाण्याला नकार दिला. त्यांना अडाणी म्हणून काही साधत नाही. घरच्यांना इतकंच विचारा, की वरच्या गावाने नदीत सोडलेलं पाणी खालचं गाव पितं, त्यावर कोण लक्ष ठेवतं? पाणी कुठून आलं हे विचारण्याआधी ते कोण मोजतंय आणि पाइप कशाला जोडलाय हे विचारायला हवं. दादाने हे दोन्ही विचारलं नाही.

हो, एक राहिलं. इमारतीच्या एसटीपीचं पाणी घरच्या आरओ फिल्टरमधून काढून पिण्याचा विचारही करू नका, मी लिहिलंय ते सगळं मोठ्या प्रकल्पांबद्दल. आणि आरओतून वेगळं निघणारं खारट पाणी टाकायचं कुठे, हा प्रश्न समुद्रापासून लांबच्या शहरांना जड जातो, तेही खरं.

गेल्या महिन्यात नव्या कमिटीने एसटीपी पुन्हा सुरू करायचं ठरवलं. मी दोन अटी मांडल्या. फ्लशची सगळी लाइन जांभळी रंगवायची, आणि दरवर्षी एकदा पिण्याच्या टाकीचं पाणी बंद करून घरोघरचे नळ उघडे ठेवायचे. लाइन रिकामी झाल्यावरही कुठे पाणी येत राहिलं, तर तिथे जोड आहे. मतदान झालं तेव्हा दादा माझ्या समोरच बसला होता. त्याने हात वर केला नाही. दादाने टाकलेल्या त्या जोडाचा तोडलेला पाइपचा तुकडा मी पिशवीतून नेला होता, तो शेवटपर्यंत बाहेर काढला नाही.