खून आणि सदोष मनुष्यवध यात नेमका फरक काय?

तुम्ही लिहिलंय की गावात बांधावरून भांडण झालं, त्यात एक जण गेला आणि पोलिसांनी खुनाऐवजी सदोष मनुष्यवधाचं कलम लावलं, म्हणजे आरोपीला वाचवायचं ठरलंय का. मी सेशन कोर्टात फौजदारी केसेस चालवते आणि मयताच्या घरचे हाच प्रश्न डोळ्यात पाणी आणून विचारतात, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

प्रत्येक खून हा आधी सदोष मनुष्यवध असतो, पण प्रत्येक सदोष मनुष्यवध खून नसतो. माणूस मेला हे दोन्हीकडे सारखंच, फरक मारणाऱ्याच्या डोक्यात काय होतं आणि मरण किती अटळ होतं याचा. पूर्वी आयपीसीचं, म्हणजे भारतीय दंड संहितेचं, कलम २९९ आणि ३००, आता १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेचं १०० आणि १०१. नंबर बदलले, व्याख्या जवळपास तीच राहिली.

जीव घ्यायचाच इरादा असेल तर सरळ खून, तिथे फार वाद नसतो. खरी मारामारी होते ती 'जखम' या मुद्द्यावर. मुद्दाम केलेल्या जखमेने मरण येण्याची शक्यता होती, एवढंच असेल तर सदोष मनुष्यवध, आणि ती जखम निसर्गक्रमाने मरण यायला पुरेशी होती असं असेल तर खून. 'शक्यता' आणि 'पुरेशी' या दोन शब्दांवर माणसाची जन्मठेप ठरते, म्हणून पीएम (पोस्टमॉर्टेम) करणारे डॉक्टर साक्षीला आले की सरकारी वकील त्यांना हा प्रश्न हमखास विचारतात, आणि डॉक्टर उत्तर देईपर्यंत कोर्टात सगळे गप्प असतात.

यावरची एक जुनी केस मुंबई हायकोर्टाची आहे, १८७६ सालची, गोविंदा नावाच्या आरोपीची. नवरा १८ वर्षांचा, बायको १५ची. त्याने लाथ मारली, पाठीत बुक्क्या घातल्या, ती खाली पडल्यावर छातीवर गुडघा ठेवून तोंडावर दोन-तीन ठोसे मारले. कवटी फुटली नव्हती पण मेंदूत रक्तस्राव होऊन ती पोर गेली. न्यायमूर्ती मेलविल यांनी हा खून नाही, सदोष मनुष्यवध आहे असं ठरवलं, कारण मारून टाकायचा इरादा दिसत नव्हता आणि तशा ठोशांनी सहसा माणूस मरत नाही. मी ते जजमेंट कितीदा तरी वाचलंय, कायदा पटतो, पण त्या १५ वर्षांच्या मुलीचं वाचताना दर वेळी पोटात तुटतं.

दुसरं टोक म्हणजे विरसा सिंग, सुप्रीम कोर्ट, १९५८. भाल्याचा एकच वार, पण पोटात, आणि इतका जोरात की आतडी बाहेर आली. बचावात म्हणाले मारायचा इरादा नव्हता. कोर्टाने सांगितलं, तीच जखम करायचा इरादा होता का एवढं बघा, ती मरणाला पुरेशी होती की नाही हे नंतर वैद्यकीय पुराव्यावरून ठरेल, आरोपीला ते माहीत असायची गरज नाही. एकच वार होता म्हणून खून नाही, असं जे गावात बोलतात ते म्हणूनच चूक आहे.

आता तुमच्या केसच्या जवळ येते. वरच्या हिशोबाने खून ठरला तरी कायद्यात पाच अपवाद आहेत, त्यातला एक लागला की खुनाऐवजी सदोष मनुष्यवध धरतात, आणि त्यातले दोन रोज लागतात. एक, गंभीर आणि अचानक चिथावणी. १९५९ची नानावटी केस आठवते ना, नौदल अधिकारी नानावटींनी बायकोचा प्रियकर आहुजा याला गोळ्या घातल्या ती, तिथे हीच चिथावणी चालली नाही, कारण बायकोने त्या संबंधांबद्दल सांगितल्यावर त्यांनी बायकोपोरांना सिनेमाला सोडलं, जहाजावर जाऊन रिव्हॉल्वर घेतलं आणि मग आहुजाच्या फ्लॅटवर गेले, यात जवळपास तीन तास गेले, राग थंड व्हायला तेवढा वेळ पुरे होता असं सुप्रीम कोर्टाने १९६१ मध्ये म्हटलं. दुसरा अपवाद अचानक झालेल्या भांडणाचा, आधी काही ठरलेलं नाही, रागाच्या भरात जे हातात आलं ते मारलं, आणि समोरच्याच्या लाचारीचा फायदा घेतला नाही किंवा क्रूरपणा केला नाही. सुरुवात कोणी केली हे यात बघत नाहीत.

म्हणून बांधावरच्या भांडणात मी आधी हत्यार कुठून आलं ते शोधते. शेतात काम चालू असताना फावडं हातात होतंच, की घरी जाऊन कोयता घेऊन आला? घरी जाऊन आला असेल तर हा अपवाद टिकणं फार अवघड. मग वार कुठे, डोक्यात की पायावर, किती, आणि खाली पडल्यावरही मारत राहिला का.

शिक्षेत फरक मोठा आहे. खुनाला फाशी किंवा जन्मठेप. सदोष मनुष्यवधात मारायचा किंवा मरण येईल अशी जखम करायचा इरादा असेल तर जन्मठेप किंवा ५ ते १० वर्षं, मरण येऊ शकतं याची नुसती जाणीव असेल तर १० वर्षांपर्यंत, वर दंड. म्हणजे सदोष मनुष्यवधातही जन्मठेप होऊ शकते, आरोपी सुटला असं अजिबात नाही.

आणि एफआयआरमधलं कलम शेवटचं नसतं. तपासात बदलू शकतं, आणि कोर्ट निकालाच्या आधी कधीही आरोप बदलू शकतं. तुम्ही मयताकडचे असाल तर एफआयआर आणि पीएम रिपोर्टच्या नकला काढा, ज्यांनी प्रत्यक्ष बघितलं त्यांचे जबाब झालेत का ते तपास अधिकाऱ्याला लेखी विचारा, आणि सरकारी वकिलांना मदत करायला स्वतःचा वकील लावायची परवानगी कोर्टाकडे मागा, ती मिळते.