हिमालय राहू दे, आधी नान्नज गाठ

प्रश्न : मी सोलापुरात अक्कलकोट रोडला राहतो, लग्नाचे व्हिडिओ शूट करतो. घरी टॉवेलचे पॉवरलूम आहेत, वडील म्हणतात तेच बघ. मला मात्र निसर्गावरच्या, ट्रेकिंग-क्लाइंबिंगच्या डॉक्युमेंटरी शूट करायच्यात. कर्ज काढून भारीतला कॅमेरा घेऊ का? आणि एफटीआयआय (पुण्याची फिल्म इन्स्टिट्यूट) केल्याशिवाय कुणी विचारत नाही म्हणतात, खरंय का?

उत्तर : कर्ज नको रे बाबा. लग्नाला वापरतोस तोच कॅमेरा सध्या बास, लांब पल्ल्याची लेन्स लागली तर पुण्यात भाड्याने मिळते.

एफटीआयआय चांगलंच आहे, वाघ-हत्तींवर फिल्म करणारे नरेश बेदी तिथलेच, पण ग्रॅज्युएशन, मग एंट्रन्स, मग तीन वर्षं, तेवढा दम असेल तर जा, नाहीतर अडत नाही. क्लाइंबिंगचं मात्र अडतं. 2017 ला ॲलेक्स होनोल्ड अमेरिकेतला एल कॅपिटनचा कडा दोराशिवाय चढला ना, तेव्हा कड्यावर लटकून शूट करणारे स्वतःच मुरलेले क्लाइंबर होते. म्हणून पैसे साठले की कॅमेऱ्याआधी उत्तरकाशीच्या नेहरू गिर्यारोहण संस्थेचा बेसिक कोर्स कर, 28 दिवसांचा असतो.

तोवर बार्शी रोडने नान्नजच्या माळढोक अभयारण्यात जा. माळढोक पक्षी आता दिसला तर नशीब, पण काळवीट आहेत, लांडगे आहेत, थंडीत मध्य आशियातून भोवत्या हे शिकारी पक्षी येतात, आणि या गवताळ माळावर नीट काम करणारे कॅमेरावाले फार नाहीत, सगळे वाघामागे पळतात. पहाटे उजाडायच्या आत पोच, कारण उन्हाळ्यात नऊ वाजले की जमिनीवरून झळा निघतात आणि लांबच्या लेन्समध्ये काळवीट पाण्यात बुडल्यासारखं लदलदतं, मग कॅमेरा कितीही लाखाचा असो, फुटेज वाया. लग्नात तू "परत एकदा हार घाला" म्हणू शकतोस, लांडगा काही रिटेक देत नाही! म्हणून नुसता लांडगा धरून बसू नको, त्याचे ठसे, वाऱ्यावर हलणारं कुसळी गवत, लांबून येणारा मेंढ्यांचा कळप, धनगराची कुत्री, हे सगळं घे, नुसत्या वाऱ्याचा आवाजही वेगळा रेकॉर्ड कर, नाहीतर एडिटिंगला बसलास की एका शॉटवरून दुसऱ्यावर जायलाच काही नसतं. लांडगा कुठून येतो ते धनगरांना विचार, त्यांच्याइतकं कुणालाच ठाऊक नसतं. पिल्लं असतील तिकडे फिरकायचं नाही आणि लोकेशन इन्स्टावर टाकायचं नाही, हे आत्ताच सांगून ठेवतो.

पैशाचं म्हणशील तर सुरुवातीला दुसऱ्या कॅमेऱ्यावर उभं राहणं, कार्ड कॉपी करणं, बॅटऱ्या सांभाळणं अशीच कामं मिळतात, त्यामुळे लग्नाचा सीझन सोडू नको, वडिलांनाही तेवढाच धीर. एकाच माळाचा उन्हाळा-पावसाळा-हिवाळा तुझ्याकडे असेल तर दाखवायला पाच मिनिटांची फिल्म होते, आणि काम मागायला गेलास की तीच बघतात.

आणि हो, अभयारण्यात शूटिंगला वनविभागाची लेखी परवानगी लागते, अर्ज आधीच टाक. ड्रोन घरी ठेव.