अमेरिकी टीव्ही पत्रकार माइक वॉलेस यांच्या मुलाखती इतक्या धारदार का होत्या?
आवाज चढवल्यामुळे नाही, तयारीमुळे. समोरच्याची जुनी विधानं, कागदपत्रं वाचूनच ते बसत. १९७९ मध्ये त्यांनी इराणचे नेते खोमेनी यांना तोंडावर सांगितलं, ‘इजिप्तचे अध्यक्ष सादात तुम्हाला वेडा म्हणतात. शब्द त्यांचे, माझे नाहीत.’ बोचरा आरोप तिसऱ्याच्या तोंडून मांडायचा, म्हणजे पाहुण्याला उत्तर टाळणं अवघड जातं. उत्तर संपल्यावर क्षणभर गप्प राहणं हे दुसरं हत्यार: समोरचा अस्वस्थ होऊन जास्तीचं बोलून जातो. कॅमेऱ्यासह अचानक गाठण्याची पद्धतही '६० मिनिट्स'मुळे (सीबीएस वाहिनीवरचा त्यांचा कार्यक्रम, १९६८ पासून) गाजली, पण त्यात माहिती कमी, तमाशा जास्त.

वारसा निखळ नाही. त्यांच्या १९८२ च्या व्हिएतनाम युद्धावरील माहितीपटावरून तिथल्या अमेरिकी फौजांचे माजी प्रमुख जनरल वेस्टमोरलंड यांनी १२ कोटी डॉलरचा दावा ठोकला; तो १९८५ मध्ये निकालाआधीच मिटला. १९९५ मध्ये तर तंबाखू कंपनीचं बिंग फोडणारी त्यांची मुलाखत वाहिनीनेच दाव्याच्या धास्तीने काही महिने रोखली.