नाताळ, बर्फ आणि खून: या जुन्या इंग्रजी रहस्यकथा इतक्या का आवडतात?

तुम्ही विचारलंय की नाताळ हा आनंदाचा सण, मग इंग्रजांना नेमक्या त्याच दिवसांत, बाहेर बर्फ साचलेला असताना घडणाऱ्या खुनाच्या गोष्टी का आवडतात? आणि बर्फ फक्त सिनेमात पाहिलेल्या मराठी वाचकालाही त्या हातातून का सोडवत नाहीत?

नेहमीचं उत्तर असं की बाहेर कडाक्याची थंडी, आत शेकोटी, अंगावर रजई आणि हातात पुस्तक. ते खोटं नाही, पण शेकोटीपाशी बसून प्रेमकथाही वाचता येते. खूनच का, ते त्यातून कळत नाही. बरीच वर्षं या गोष्टी वाचल्यावर माझं मत असं झालंय की रहस्यकथेला जी जी सामग्री लागते ती नाताळ आयती घरात आणून ठेवतो. बर्फ मागाहून येतो आणि दाराला बाहेरून कडी घालतो. त्यामुळे आधी सणाबद्दल बोलायला हवं, हवेबद्दल नंतर.

अगाथा ख्रिस्तीची १९३८ सालची 'हर्क्यूल पॉयरोज ख्रिसमस' घ्या. दक्षिण आफ्रिकेत हिऱ्यांवर गब्बर झालेला म्हातारा सिमियन ली आपल्या दुरावलेल्या मुलांना आणि सुनांना नाताळासाठी गॉर्स्टन हॉल या घरी बोलावून घेतो. एक मुलगा जन्मभर बापाची मर्जी राखत तिथेच राहिलेला, एक आईचे झालेले हाल कधीच न विसरलेला, एक पार्लमेंटात बसणारा पण खर्चासाठी बापाच्या पैशांवर विसंबलेला, एक घर सोडून परागंदा झालेला. २४ डिसेंबरच्या दुपारी म्हातारा सगळ्यांना वर आपल्या खोलीत बोलावतो. मंडळी आत येतात तेव्हा तो फोनवर वकिलाशी बोलत असतो. नवं मृत्युपत्र करायचंय म्हणतो, पण घाई नाही, तुमचा सण होऊ दे, मग या. हे सगळं मुलांच्या कानावर पडावं म्हणूनच चाललेलं असतं. त्याच संध्याकाळी वरच्या मजल्यावर सामानसुमान कोसळल्याचा आवाज येतो, भयंकर किंकाळी ऐकू येते, आणि दार आतून बंद असतं.

हा फोनचा प्रसंग मी पुन्हापुन्हा वाचला आहे. त्यात सणाने एक मुदत घालून दिली आहे. वकील सुट्टीवर, म्हणजे जुनं मृत्युपत्र अजून एकदोन दिवस तरी लागू. ज्याच्या मनात पैशासाठी काही काळंबेरं असेल त्याला ते या सुट्टीतच उरकायला हवं. म्हातारा गंमत म्हणून बोलून जातो आणि आपल्याच आयुष्याची तारीख सांगून बसतो.

त्या काळचा तिथला कायदा माहीत असला की हा ताण आणखी कळतो. आपल्याकडे हिंदू कुटुंबात वडिलोपार्जित मिळकतीत जन्मतः हिस्सा येतो, बापाने मनात आणलं तरी तो सहजासहजी डावलता येत नाही. इंग्लंडमध्ये मात्र माणसाला आपली सगळी इस्टेट हवी त्याच्या नावे करता यायची. बायकोमुलांना काहीतरी तरतूद मागता यावी असा कायदा झाला तो १९३८ साली. म्हणजे इंग्रजी रहस्यकथेच्या सुवर्णकाळातल्या, दोन महायुद्धांच्या मधल्या, बहुतेक गोष्टी लिहिल्या गेल्या तेव्हा म्हाताऱ्याची मर्जी फिरली की मुलगा खरोखर रस्त्यावर यायचा. मग वर्षातून एकदा, तोंडभर हसून, त्याच म्हाताऱ्याच्या पंगतीला बसायचं. हे हसू किती महाग असेल विचार करा.

याच कादंबरीत ख्रिस्तीचा गुप्तहेर पॉयरो एका पोलीस अधिकाऱ्याकडे पाहुणा म्हणून उतरलेला असतो. यजमान म्हणतो, नाताळात कसले आलेत गुन्हे, सगळीकडे सद्भावना असते. पॉयरो त्याला शांतपणे खोडून काढतो. त्याचं म्हणणं असं की एरवी एकमेकांचं तोंड न पाहणारी माणसं या दिवसांत एकत्र येतात, मनात नसताना गोड वागायचं दडपण त्यांच्यावर असतं, आणि असं ओढूनताणून गोड वागण्याचा ताण कुठेतरी फुटतोच. वर भरमसाट खाणं, त्याने बिघडलेलं पोट आणि पोटामागून बिघडलेला स्वभाव. मला हे या प्रकारच्या गोष्टींचं सगळ्यात नेमकं स्पष्टीकरण वाटतं, आणि ते लेखिकेने गोष्टीतच घालून ठेवलंय. गणपतीत किंवा दिवाळीत सगळे भाऊ एका छताखाली जमले की तिसऱ्या दिवशी स्वयंपाकघरातली भांडी जरा जास्त आवाज करू लागतात, हे ज्याने अनुभवलंय त्याला पॉयरो वेगळा समजावून सांगायला नको.

ख्रिस्तीबाईंना हा सण आतून ठाऊक होता. अकरा वर्षांच्या असताना त्यांचे वडील गेले. त्यानंतर आईबरोबर त्यांचे नाताळ थोरल्या बहिणीच्या सासरी, मँचेस्टरजवळच्या अ‍ॅब्नी हॉलमध्ये होऊ लागले. १९६० साली आलेल्या 'द अ‍ॅडव्हेंचर ऑफ द ख्रिसमस पुडिंग' या संग्रहाच्या प्रस्तावनेत त्यांनी त्या घराबद्दल फार मायेने लिहिलंय. तिथल्या जेवणांची त्यांची आठवण मोठी पक्की होती: उकडलेली टर्की, भाजलेली टर्की, वर बीफ, मग प्लम पुडिंग, मिन्स पाय, ट्रायफल. आता गंमत पाहा. १९३८ची ती रक्ताळलेली कादंबरी अर्पण केली आहे जेम्सना, म्हणजे त्याच बहिणीच्या यजमानांना. अर्पणपत्रिकेत कारणही दिलंय. त्यांनी तक्रार केली होती की तुझे खून हल्ली फारच नाजूक होत चाललेत, भरपूर रक्त सांडलेला एखादा दणदणीत खून वाचायचाय. ज्या कुटुंबात लहानपणीचे सगळ्यात सुखाचे नाताळ गेले, तिथल्याच माणसाने असा खून मागितला आणि बाईंनी तो त्याला नाताळाच्या गोष्टीतून दिला. सण आणि खून यांत विरोध आहे असं त्या घरात कुणाला वाटत नसावं.

आता बर्फ. वर सांगितलेल्या कादंबरीचं कोडं बर्फावर उभं नाही, त्याच्यावाचूनही ते चालतं. पण बाकीच्या पुष्कळ लेखकांना तो लागला, आणि त्याला व्यावहारिक कारण आहे. मी इंग्लंडमध्ये राहत होतो तेव्हा नाताळाच्या दिवशीची सामसूम पाहून चकित व्हायचो. रेल्वे बंद, मोठी दुकानं कायद्यानेच बंद, दुपारी चारच्या आत सूर्य मावळलेला. वाटायचं, इथे खुनासाठी वेगळी नाकेबंदी कशाला हवी? पण १९३०च्या दशकात असं नव्हतं. तेव्हा २५ डिसेंबरलाही गाड्या धावत, टपाल येई. इंग्लंडमध्ये नाताळाच्या दिवशीचा टपालवाटप १९६० नंतर थांबला. म्हणजे त्या काळच्या लेखकाला घर जगापासून तोडायचं असेल तर नुसता सण पुरत नव्हता. गाडी अडवायला आणि फोनची तार तोडायला बर्फच हवा होता.

जे. जेफरसन फार्जनच्या १९३७ सालच्या 'मिस्टरी इन व्हाइट'मध्ये हे फार सुंदर जमलंय. नाताळाच्या आदल्या दिवशी गाडी बर्फात रुतते. काही प्रवासी कंटाळून उतरतात, वाट चुकतात आणि एका घरापाशी येतात. दार उघडं. आत शेकोट्या पेटलेल्या, चहाचं टेबल मांडलेलं, स्वयंपाकघरात किटलीतलं पाणी उकळतंय. घरात चिटपाखरू नाही. अजून प्रेत दिसलेलं नाही, कुणी ओरडलेलं नाही, तरी अंगावर काटा येतो, कारण जे जे उबदार आणि हवंहवंसं आहे तेच इथे भीतीदायक झालंय. हे पुस्तक पुढे विस्मरणात गेलं होतं. ब्रिटिश लायब्ररीने २०१४ साली ते पुन्हा छापलं आणि त्या नाताळात ते धडाक्यात खपलं. आज अशा जुन्या हिवाळी रहस्यकथा दरवर्षी नव्या वेष्टनात येतात, त्यामागे या एका पुस्तकाच्या यशाचा मोठा हात आहे असं मला वाटतं.

बर्फाचं दुसरं काम पंचनाम्याचं. तो पडायचा कधी थांबला ते कळलं, की त्यानंतर कोण आलं, कोण गेलं याची नोंद जमिनीवर आपोआप उमटते. चिखलात पाऊल उमटतं खरं, पण चिखल सगळीकडे नसतो. बर्फ सगळं अंगण एकसारखं कोरं करून देतो. जॉन डिक्सन कारने १९३५च्या 'द हॉलो मॅन'मध्ये याचा कळस केलाय. लंडनच्या एका गल्लीत भर रस्त्यात माणूस गोळी लागून पडतो, ती अगदी जवळून झाडलेली आहे, आणि आजूबाजूच्या बर्फात त्याच्या स्वतःच्या पावलांखेरीज एकही ठसा नाही. (ही गोष्ट नाताळाची नाही, पण बर्फाचा हिशेब समजायला हिच्याइतकी चांगली दुसरी मिळणार नाही.) ख्रिस्तीच्या 'मर्डर ऑन द ओरिएंट एक्सप्रेस'मध्येही तेच. गाडी युगोस्लाव्हियात बर्फात अडकते, म्हणून खुनी उतरून जाऊ शकत नाही, आणि पोलीसही चढू शकत नाहीत. ही कल्पना हवेतून आलेली नव्हती. १९२९ साली ती गाडी तुर्कस्तानात खरोखरच कित्येक दिवस बर्फात अडकून पडली होती.

तुम्ही कदाचित म्हणाल, इंग्लंडमध्ये नाताळाला एवढा बर्फ असतोच कुठे? बरोबर आहे, क्वचितच असतो. बहुतेक वर्षी राखाडी आभाळ आणि रिपरिप. पण गोष्टींतला नाताळ कादंबरीकार डिकन्सच्या काळापासून पांढराच आहे, आणि डिकन्स लहान असताना हिवाळे खरोखर कडक होते. तो दोन वर्षांचा व्हायच्या बेतात असताना, १८१४ साली, लंडनमध्ये थेम्स इतकी गोठली होती की नदीवर जत्रा भरली. ती तशी शेवटची. तेव्हा इंग्रज वाचकालाही हा बर्फ खिडकीबाहेर दिसत नाही, तो पुस्तकातच भेटतो. या बाबतीत सोलापूरचा वाचक आणि लंडनचा वाचक यांच्यात फारसं अंतर नाही.

हिवाळ्यात अशा गोष्टी वाचायची सवय मासिकांनी लावली. व्हिक्टोरियन काळात मासिकांचे खास नाताळ अंक निघत, त्यांत भुताच्या गोष्टी हमखास असत. आपला पहिला दिवाळी अंक, का. र. मित्रांच्या 'मनोरंजन'चा १९०९ सालचा, या इंग्रजी नाताळ अंकांवरूनच सुचला असं सांगतात. पुढे 'धनंजय'सारखा दिवाळी अंक रहस्यकथा आणि गूढकथांसाठीच ओळखला जाऊ लागला. त्यामुळे फराळाचं ताट शेजारी ठेवून खुनाचा छडा लावण्यात मराठी माणसाला अवघडल्यासारखं वाटायचं काहीच कारण नाही, आपणही पिढ्यानपिढ्या तेच करत आलोय.

आणखी एक गोष्ट, जिच्यामुळे मला या कथा फार जवळच्या वाटतात. त्यांत इंग्रजी सणाकडे बाहेरून पाहणारं कुणीतरी पुष्कळदा असतं. पॉयरो बेल्जियन. ख्रिसमस पुडिंगच्या गोष्टीत तो खेड्यातल्या जुन्या घरी जायला नाखूश असतो, तिथे सेंट्रल हीटिंग आहे असं कळल्यावर तयार होतो. सिरिल हेअरच्या १९५१ सालच्या 'अ‍ॅन इंग्लिश मर्डर'मध्ये बर्फाने वेढलेल्या वाड्यात सरदार, मंत्री, घरंदाज बाई असे सगळे आहेत, पण उलगडा होतो तो मध्य युरोपातून आलेल्या बॉटविंक नावाच्या इतिहाससंशोधकाला. घरातल्यांना रोजचं वाटतं ते त्याला खटकतं. आपणही या गोष्टी वाचताना त्याच्याच शेजारच्या खुर्चीत बसलेलो असतो.

आता कुठून सुरुवात करायची? खून नको आणि हिवाळा मात्र हवा असेल तर शेरलॉक होम्सची 'द ब्लू कार्बंकल', जानेवारी १८९२च्या 'स्ट्रँड' मासिकातली. एक जुनी टोपी, नाताळासाठी आणलेला हंस आणि त्याच्या पोटात सापडलेलं रत्न. रात्रीच्या लंडनमध्ये रस्त्यावरच्या माणसांच्या तोंडची वाफ पिस्तुलांतून निघालेल्या धुरासारखी दिसते, असं एक वाक्य त्यात आहे, त्या एका वाक्यात सगळी थंडी आली. शिवाय होम्स शेवटी चोराशी कसा वागतो ते नाताळातच शोभावं असं आहे. तासाभरात वाचून होते. त्यानंतर 'हर्क्यूल पॉयरोज ख्रिसमस', आणि मन लागलं तर 'अ‍ॅन इंग्लिश मर्डर'. हेअरचं पुस्तक जरा सावकाश वाचा. बॉटविंक घरातल्या जुन्या कागदपत्रांबद्दल बोलत असतो ती पानं भराभर उलटू नका, आणि त्या पुस्तकावरची चर्चा आधी कुठेही वाचू नका, कारण शेवट एका वाक्यात फुटण्यासारखा आहे.